सातपाटीहून राजधानीकडे

अलीकडे दिवाळीची सुट्टी जवळ आली की आमच्या इमारतीत चकलीच्या भाजणीआधी पासपोर्टांची शोधाशोध सुरू होते. पूर्वी काशी-रामेश्वर करून आलेल्याच्या पाया पडण्याची रीत होती. आता बँकॉक करून आलेल्याकडे फोटो मागण्याची आहे. आम्ही उभयतांनीही दोन वर्षांपूर्वी हे पुण्य पदरात पाडून घेतले. त्या सहलीतला एक दिवस मात्र खरोखर निवांत गेला. हातात पिवळी पताका धरलेल्या एका हसतमुख वाटाड्याने सकाळी राजवाडा आणि पाचूचा बुद्ध दाखवला (म्हणायला पाचूचा, मूर्ती आहे हिरव्या जेड दगडाची), दुपारी चाओ फ्राया नदीतून नावेने फिरवले आणि फिरता फिरता त्या शहराची जन्मकथा सांगितली.

ती अशी. सयामची जुनी राजधानी अयुथ्या. नाव आपल्या अयोध्येचेच. चौदाव्या शतकात वसलेले हे नगर १७६७ मध्ये ब्रह्मदेशच्या सैन्याने जाळून बेचिराख केले. त्यानंतर पंधरा वर्षांनी, १७८२ मध्ये, पहिल्या राम राजाने नदीच्या पूर्वतीरावर बँकॉकची नवी राजधानी मांडली. बांधकामाला विटा हव्या होत्या, त्या अयुथ्येच्या पडक्या भिंतींतून काढून नावांतून खाली आणल्या. विटांबरोबर नावही आणले. बँकॉकचे सरकारी नाव एका श्वासात म्हणता येऊ नये इतके लांबलचक आहे आणि त्यात जुन्या अयोध्येचा उल्लेख आजही शिल्लक आहे.

मुंबईस परत आल्यावर ही हकीकत मी माझ्या एका सातपाटीच्या स्नेह्यांना मोठ्या कौतुकाने सांगितली. हे गृहस्थ जातीने मांगेले, पेशाने निवृत्त शिक्षक. वडील तांडेल होते. सारे गाव त्यांना मास्तर म्हणते, म्हणून मीही म्हणतो. मास्तरांनी शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाले, "यात नवल ते काय? आमच्या शेजारची राजधानीसुद्धा अशीच नाव घेऊन उठली आणि मुंबईला गेली. तुम्ही रोज लोकलने तिच्यावरूनच जाता. माहीम! एक दिवस या इकडे, मूळची राजधानी दाखवतो. पताका मात्र माझ्याकडे नाही."

म्हणून गेल्या पौषात एका सकाळी आम्ही दोघे पालघरला उतरलो आणि रिक्षाने सातपाटी गाठली. मास्तर बंदराच्या तोंडाशीच उभे होते. मला वाटले होते, आधी राजधानी, मग बाकीचे. पण मास्तरांचा क्रम ठरलेला होता. "आधी धक्का," ते म्हणाले, "भरती कुणासाठी थांबत नाही."

भरतीचे महत्त्व सातपाटीत पाऊल टाकताक्षणी कळते. गाव खाडीच्या मुखाशी आहे, पलीकडच्या तीरावर मुरबे. खाडी गाळाने इतकी भरत चालली आहे की पाणी चढल्याशिवाय होड्यांना ना आत येता येते ना बाहेर जाता येते. आम्ही गेलो तेव्हा नुकत्याच तीन-चार होड्या आत येत होत्या. मास्तरांनी एकीच्या नाळेकडे बोट केले. सातपाटीच्या होडीची नाळ टोकदार, पुढे झेपावणारी. मत्स्यव्यवसायाच्या पुस्तकांतून मुंबई किनाऱ्यावरच्या होड्यांचे प्रकार सांगताना 'वेसावे पद्धत' आणि 'सातपाटी पद्धत' अशी नावे येतात. गावाचे नाव एखाद्या साडीला मिळालेले आपण पैठणात पाहिले आहे. नौकेला मिळालेले मी पहिल्यांदाच पाहत होतो.

धक्क्यावर बर्फाच्या लाद्या फोडण्याचा आवाज, डिझेलचा वास, टोपल्या घेऊन बसलेल्या बायका आणि त्यांच्या वरच्या पट्टीतली घासाघीस. आमच्या सौ.ने एका बाईंना भाव विचारला, तेव्हा बाईंनी आधी आमच्या चपलांकडे पाहिले आणि मग भाव सांगितला. मास्तर हळूच म्हणाले, "वहिनी, चपला बदलून यायला हव्या होत्या."

इथली खरी दौलत म्हणजे पापलेट, ज्याला इकडे सरंगाही म्हणतात. २०२३ मध्ये महाराष्ट्र सरकारने त्याला राज्यमाशाचा मान दिला, आणि त्यासाठी सातपाटीच्या मच्छीमारांनीच आग्रह धरला होता. मान मिळण्याचे कारण मात्र आनंदाचे नाही. मासा कमी होत चालला म्हणून त्याची आठवण झाली. पोटात अंडी असलेली मादी आणि हाताच्या तळव्याएवढे पिल्लू दोन्ही जाळ्यात येऊ लागली, तेव्हा पुढच्या वर्षी काय येणार? त्याच वर्षी सरकारने ५४ जातींच्या माशांसाठी किमान लांबी ठरवून दिली. तीहून लहान मासा पकडायचा नाही. नियम झाला. पाळणारे किती, हे मी धक्क्यावर विचारले नाही, टोपल्यांत डोकावले.

धक्क्याला लागूनच सहकारी संस्थांचा पसारा आहे. मास्तर इथे खूप वेळ रेंगाळले, आणि ते का, हे मला दुपारी उमगले. गावात मच्छीमारांच्या दोन मोठ्या संस्था आहेत, मच्छीमार विविध कार्यकारी आणि सर्वोदय. स्वातंत्र्याच्या आगेमागे किनाऱ्यावर जी सहकाराची लाट आली, तिच्यातली ही अगदी आरंभीची नावे. त्याआधीची रीत मास्तरांनी वडिलांकडून ऐकलेली. होडीला, जाळ्याला, लग्नाला पैसा व्यापारी देई. आणि पैसा दिला म्हणून मासळीही तोच घेई, भावही तोच ठरवी. देणारा, घेणारा आणि मोजणारा एकच! संस्थेने हे तीन हात वेगळे केले. कर्ज, बर्फ, इंधन, जाळ्याचे सूत संस्थेकडे. पापलेट वजनाप्रमाणे प्रती लावून एकत्र विकणे हेही संस्थेकडे. "शाळेत मी मुलांना सनावळ्या शिकवल्या," मास्तर म्हणाले, "पण आमच्या गावाचा इतिहास मोजायचा तर या तराजूपासून मोजायला हवा."

त्यांच्या घरी तांदळाची भाकरी आणि सुक्या जवळ्याची चटणी अशी न्याहारी झाली. दुपारचे जेवण मास्तरांच्या घरातून बरोबर बांधून मिळाले. मग रिक्षा दक्षिणेकडे निघाली.

सातपाटी संपते ना संपते तोच शिरगाव लागते. इथला किल्ला वाटेवरच आहे. चढण नाही, धाप नाही. आमच्यासारख्यांसाठीच जणू बांधलेला. डिसेंबर १५३४ च्या तहाने गुजरातच्या बहादूरशहाने वसई आणि तिच्या अमलातला मुलूख पोर्तुगीजांना दिला, आणि मग या किनाऱ्यावर दर दोन-चार मैलांवर एकेक कोट उभा राहिला. शिरगाव, माहीम, केळवे, वर उत्तरेला तारापूर. पुढे दोनशे वर्षे हा अंमल टिकला. शिरगावच्या दरवाज्यातून आत गेले की तटावर चढायला पायऱ्या आहेत, बुरुजावरून माडांच्या शेंड्यांपलीकडे समुद्र दिसतो, आणि आवारात फांद्या फुटलेला ताड आहे. ताडाला फांद्या असतात हे सौ.ला खोटे वाटे. इथे तिने तीनदा वळून पाहिले. लोक त्याला रावणताड म्हणतात. दहा तोंडांचा म्हणून असेल.

जानेवारी १७३९ मध्ये चिमाजी आप्पांच्या मोहिमेत माहीम, केळवे, शिरगाव ही ठाणी एकामागून एक मराठ्यांच्या हाती आली. तारापूर सहज मिळाले नाही. तिथे सुरुंग लावावे लागले, तटावर हातघाईची लढाई झाली आणि बाजी भिवराव रेठरेकर कामास आले. त्यानंतर मे महिन्यात वसई पडली. हे सारे आपण शाळेत वाचलेले असते. पण शिरगावच्या बुरुजावर उभे राहिले की एक गोष्ट डोळ्यांना कळते, जी पुस्तकात कळत नाही. हे कोट किती लहान आहेत! साम्राज्य म्हणावे आणि त्याचे ठाणे एका हाकेच्या टप्प्यात मावावे. किल्ल्यातून हुकूम निघे, पण त्या हुकमाचे पोट भरत असे ते बाहेरच्या वाडीवर, होडीवर आणि जकातीवर.

आणि मग माहीम. जिला राजधानी म्हणून पाहायला आलो, ती नगरी डोळ्यांना दिसते ती अशी: दोन्ही बाजूंना केळी, नारळी, पोफळी आणि पानवेलींचे मळे, मधून गेलेले अरुंद रस्ते, कौलारू घरे, एक लहानसा कोट आणि महिकावती देवीचे देऊळ. राजवाडा नाही, सिंहासन नाही, तिकीटही नाही. बँकॉकच्या वाटाड्याला इथे आणले असते तर त्याने पताका गुंडाळून ठेवली असती. मास्तरांनी मात्र देवळाबाहेरच्या सावलीत बसून जी राजधानी उभी केली, ती मला त्या सोनेरी छपरांपेक्षा जास्त लक्षात राहिली.

आधार एका ग्रंथाचा. १९२४ मध्ये इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी 'महिकावतीची बखर' प्रसिद्ध केली. ही बखर एका हातची नाही. निरनिराळ्या काळी लिहिलेल्या प्रकरणांची ती मोट आहे, आणि तिच्यातला जुना भाग केशवाचार्यांनी शके १३७०, म्हणजे इ. स. १४४८ मध्ये लिहिला. 'महाराष्ट्रधर्म' हा शब्द आपण समर्थांशी जोडतो. या बखरीत तो त्यांच्याही जन्माच्या दीडशेहून अधिक वर्षे आधी येऊन बसला आहे. एवढ्या एका शब्दासाठीसुद्धा ती वाचावी.

बखरीतली कथा अशी की शके १०६० च्या सुमारास, म्हणजे ११३८ मध्ये, प्रतापबिंब नावाचा राजा घाटावरून सैन्य घेऊन उतरला. उत्तरेकडून तारापूर वगैरे घेत तो या माहिमास आला आणि इथे राजधानी केली. देश ओसाड होता, म्हणून त्याने बाहेरून ६६ कुळे आणून वसवली. पुढे हा भाग हातचा गेला, तेव्हा दक्षिणेकडे समुद्रातल्या बेटावर त्याने दुसरे ठाणे केले आणि त्याला गेलेल्या राजधानीचेच नाव दिले. तेच मुंबईचे माहीम. म्हणजे अयुथ्या आणि बँकॉक! फरक इतकाच की सयामच्या राजाने विटाही नेल्या. आमच्या राजाला नेण्याजोग्या विटा नसाव्यात.

मी मास्तरांना विचारले, "पण हे खरे धरायचे किती?" प्रश्न त्यांना आवडला. बाराव्या शतकात उत्तर कोकणावर ठाण्याच्या शिलाहारांचा अंमल असल्याचे ताम्रपट आणि शिलालेख सांगतात. त्यांच्याशी बखरीतल्या सनावळ्यांचा मेळ बसवणे कठीण आहे. शिवाय बिंबाची खरी राजधानी मुंबईचे माहीमच, असे मानणारे अभ्यासकही आहेत. "राजा खरा की खोटा, यावर पंडितांना भांडू द्या," मास्तर म्हणाले. "पण कुळे खरी ना? ती बघा समोर." समोर एक म्हातारे वाडवळ गृहस्थ पानवेलीच्या मळ्यात आधाराला वेल बांधत होते. इथल्या वाडवळ घराण्यांत त्या ६६ कुळांची आठवण अजून सांगितली जाते. केळवे-माहीमचे पान दूर उत्तर हिंदुस्थानापर्यंत नावाजलेले. राजा आला तो दोन-तीन पिढ्यांत पुसला गेला. त्याने आणलेल्या माळ्याने जमिनीत जे रुजवले त्याला पाने येतच राहिली.

त्या वाडीच्या कडेलाच आम्ही जेवलो. पापलेटचे कालवण, भात, वर घरच्या कैरीचे लोणचे. सौ. म्हणाली, राजधानी असो नसो, जेवण राजाचे आहे.

जेवताना मास्तरांनी माहीमची उतरंड सांगितली, आणि ती फार मजेची आहे. बखरीत राजधानी. पोर्तुगीजांकडे ठाणे. इंग्रजी आले तेव्हा तालुक्याचे गाव. जुन्या ठाणे गॅझेटियरमध्ये तालुक्याचे नाव 'माहीम' असेच आहे. मग १८६० च्या दशकात रेल्वे झाली. ती किनारा सोडून आतून, पालघरवरून गेली. कचेऱ्यांना रुळांची ओढ फार. तालुक्याचे ठिकाण पालघरला गेले आणि तालुक्याचे नावही पालघर झाले. म्हणजे माहीमची राजधानी दोनदा उठली. पहिल्या वेळी राजाबरोबर, दुसऱ्या वेळी मामलेदाराबरोबर. आणि पालघर १ ऑगस्ट २०१४ पासून जिल्ह्याचे ठिकाण झाले. उद्या आणखी कुठे काही उठून गेले तर कुणी आश्चर्य करू नये.

इथे मी राजवाड्यांची आठवण काढली. बखरीला त्यांनी जी विस्तृत प्रस्तावना लिहिली आहे, तिच्यात एक कडू सूर आहे. राजे आले नि गेले; कोकणातला सामान्य माणूस मात्र, पोटापुरते सहज मिळते म्हणून, सरकार या वस्तूकडे परकेपणाने पाहत राहिला, असा त्यांचा आरोप आहे. बिंब असो, सुलतान असो, फिरंगी असो; त्याने आपली शेती केली, आपले जाळे टाकले. वाचताना मला हे पटले होते. सकाळी पाहिलेल्या धक्क्यावरून तर अधिकच पटावे.

मास्तरांनी हात धुतले आणि म्हणाले, "राजवाडे १९२६ मध्ये गेले. आणखी सोळा वर्षे राहायला हवे होते."

मग त्यांनी १९४२ ची गोष्ट सांगितली. 'चले जाव'च्या ठरावाला आठवडाही झाला नव्हता. १४ ऑगस्टला गावोगावचे लोक मोर्चाने पालघरच्या कचेरीवर निघाले. माहिमातून उठून जी कचेरी पालघरला गेली होती, तिच्यावरच. शेतकरी होते, मच्छीमार होते, शाळकरी पोरे होती. गोळीबार झाला. पाच जण गेले: सातपाटीचे काशिनाथ हरी पागधरे, नांदगावचे गोविंद गणेश ठाकूर, पालघरचे रामप्रसाद भीमाशंकर तिवारी, मुरब्याचे रामचंद्र महादेव चुरी आणि सालवडचे सुकुर गोविंद मोरे. पालघरच्या हुतात्मा चौकात त्यांच्या नावाने पाच दिवे आहेत; चौकाला लोक पाचबत्तीच म्हणतात. सकाळी आमची रिक्षा त्याच गावातून निघाली होती.

"सरकारकडे परकेपणाने पाहणारी माणसे कचेरीवर मरायला जात नाहीत," मास्तर म्हणाले. "आणि तेच दशक बघा. त्याच सुमारास आमच्या लोकांनी संस्था काढल्या. व्यापाऱ्याचा तराजू काढून आपला टांगला. राज्य चालवणे म्हणजे आणखी काय हो?"

मला वाटते, मास्तरांचे म्हणणे राजवाड्यांना खोडत नाही, पुढे नेते. राजवाड्यांनी ज्या माणसाला हाका मारल्या, तो पाचशे वर्षे झोपलेला नव्हता. त्याच्या हातात काही नव्हते. राजधानी त्याची कधीच नव्हती, मग ती गेल्याचे दुःख त्याने का करावे? ज्या दिवशी स्वतःचे म्हणावे असे काही हाती आले, झेंडा म्हणा, तराजू म्हणा, त्या दिवशी तो जागचा उठला. सकाळी धक्क्यावर मास्तर एवढे का रेंगाळले, ते मला इथे कळले. मी राजधानी मागत होतो आणि ती त्यांनी सर्वांत आधी दाखवून टाकली होती.

उन्हे उतरली तेव्हा केळव्याला पोचलो. इथला किनारा सुरूच्या बनासाठी प्रसिद्ध. सुट्टीच्या दिवशी मुंबईची गर्दी लोटते. किनाऱ्यावरच शीतलादेवीचे देऊळ. सुरूच्या झाडांत एक लहान कोट आहे, जो वर्षानुवर्षे वाळूने गिळलेला होता. दुर्गप्रेमी तरुणांनी घमेली-फावडी घेऊन तो मोकळा केला. पलीकडे पाण्यात दुसरा कोट, ओहोटी असेल तरच पायी जाता येईल असा. आम्ही गेलो तेव्हा पाणी चढत होते, म्हणून लांबूनच नमस्कार केला.

वाळूने कोट गिळले ते सावकाश. आता समुद्र घाईत आहे. सातपाटीत उधाणाला पाणी बंधारा ओलांडून घरांत शिरते. उत्तरेला वाढवण येथे मोठ्या बंदराची पायाभरणी ऑगस्ट २०२४ मध्ये झाली. मच्छीमारांचा तिला विरोध होता आणि आहे. खाडीपलीकडे मुरब्यातही बंदराची योजना पुढे आली आहे. मास्तर यावर थोडेच बोलले. बंदर नको असे म्हणणारे आपण बंदरातच जन्मलेले लोक आहोत, ही गंमत त्यांना कळते. "आम्हाला विचारून करा, एवढेच," ते म्हणाले. "गेल्या नऊशे वर्षांत कुणी विचारले नव्हते. आता तरी?"

ज्या वाचकांना जावेसे वाटेल त्यांच्यासाठी: उतरायचे पालघरला, परतीला केळवे रोड बरे. सातपाटीला सकाळी जावे आणि निघण्याआधी भरतीची वेळ विचारून घ्यावी, म्हणजे होड्या येताना दिसतात आणि केळव्याचा पाण्यातला कोटही कदाचित साधतो. माहिमात पान घ्यायला विसरू नये. पैसे देऊन वाटाड्या तिथे मिळत नाही. कुणाही म्हाताऱ्याला कुळे विचारावीत, तो उठून बरोबर चालू लागतो. आणि चपला जुन्याच घालाव्यात.